सुकाणूवर कोण होतं?

पुजा राठोड हिंगोलीच्या कोर्टात लघुलेखक आहे. साक्षीदार बोलतो, न्यायाधीश मजकूर सांगतात आणि पुजा लिहून घेते. चौदा वर्षं झाली या कामाला. सेनगावच्या पलीकडच्या एका तांड्यावर तिचा जन्म. शिक्षण आश्रमशाळेत. पुढं हिंगोलीत भाड्याच्या खोलीत राहून, टायपिंगच्या क्लासात बोटं सुजेस्तोवर मशीन बडवून तिनं ही नोकरी मिळवली. नवरा आखाडा बाळापूरला शिक्षक, मुलगी आठवीत. तांड्यावर कुणाला कसला अर्ज करायचा असला की पुजाला फोन येतो.

तिच्याहून सहा वर्षांनी धाकटा भाऊ रामप्रसाद. तो जहाजावर अधिकारी झाला. हे नेमकं कसलं काम, ते त्यांच्या आईला, नीलाबाईला, कधीच उलगडलं नाही. तांड्यात आईला याडी म्हणतात. याडीचा प्रश्न एकच असे, "खाली जमीन न्हाई, रस्ता न्हाई, मग ह्याला वाट कशी गवसते?" रामप्रसाद हसायचा. "तेच तर माझं काम हाय, याडी. वाट काढायचं."

पोरगं हुशार, पण अक्षर असं की शाईत बुडालेली कोंबडी कागदावरून पळाली असावी. त्यामुळं त्याचं लिहिण्याचं सगळं काम ताईकडं. बढतीच्या परीक्षेची तयारी करत होता तेव्हा त्यानं तिला एका जुन्या चौकशीच्या कागदांचे फोटो पाठवले. चौसष्ट पानं, इंग्रजी, अक्षरं पुसट झालेली. "ताई, एवढं साफ टाईप करून दे. यावर मला बोलायचंय." पुजानं दोन रविवार घालवून ते करून दिलं. तशी तिची आणि त्या जहाजाची ओळख झाली.

जहाजाचं नाव ‘मार्गारेट हॅल्डेन’. १८७४ साली स्कॉटलंडमधल्या एका गोदीत बांधलेलं. तीन डोलकाठ्या, अंग सगळं लोखंडाचं, आणि इंजिन म्हणून काही नाही. वारा देईल तेवढंच चालायचं. लाकडी जहाजांना कीड लागायची, पाणी झिरपायचं. लोखंडाचं जहाज टिकाऊ, वर त्यात माल जास्त मावायचा. व्यापाऱ्यांच्या ते डोळ्यात भरलं होतं. पहिल्या फेरीला त्यानं मुंबईला कोळसा आणला आणि परत जाताना कापसाच्या गाठी नेल्या. हे टाईप करून झाल्यावर रामप्रसादचा आवाज फोनवर आला होता, "ताई, तवा आपल्याकडचा कापूस बैलांवर लादून अकोल्याच्या रेल्वेपर्यंत आपलेच लोक नेत. त्या गाठींमधी एखादी आपल्या पणज्यानं वाहिलेली असंल, कोण सांगावं!" दुसऱ्या फेरीला कलकत्त्याहून ताग. तिसऱ्या फेरीला ब्रह्मदेशचा तांदूळ. तेव्हा आफ्रिकेच्या टोकाशी वादळात मधली डोलकाठी मोडली आणि तीन महिने दुरुस्तीत गेले. चौथ्या फेरीला जहाजात रेल्वेचे रूळ भरले. मुंबईसाठीच. ते रूळ मुंबईला पोचले नाहीत.

लोखंडी जहाजाला एक खोड असते, ती रामप्रसादनं तिला समजावून सांगितली होती. "जहाज बांधताना त्याचं तोंड ज्या दिशेला असतं ना, हजारो रिव्हेट ठोकून ठोकून त्या दिशेचं चुंबक लोखंडात बसून जातं. मग होकायंत्राची सुई उत्तरेला ऱ्हायचं सोडून जहाजाकडं ओढ घेते. किती अंशानं चुकती ते मोजून तक्ता करायचा. तक्ता बराबर असला तर काय तकलीफ न्हाई. पण आत लोखंडाचाच माल भरला, की तो तक्ता गेला वाया."

‘मार्गारेट हॅल्डेन’चा तक्ता रूळ भरायच्या आधी केलेला होता. लक्षद्वीपच्या जवळ आल्यावर सहा दिवस आभाळ भरून राहिलं. सूर्य नाही, तारे नाहीत, नुसत्या होकायंत्रावर चालणं. सातव्या दिवशी भर दुपारी जहाज खडकावर चढलं. दहा माणसं गेली. त्यांत पहाऱ्यावरचा दुय्यम अधिकारी, सेकंड मेट, होता, चोवीस वर्षांचा. कप्तान वाचला. मुंबईत तीन दिवस चौकशी चालली आणि निकाल लागला, की सेकंड मेटनं दिलेली दिशा धरली नाही, दोष त्याचा. शिडं शिवणाऱ्या एका म्हाताऱ्यानं साक्षीत सांगितलं होतं, की हा पोरगा कप्तानाला दोनदा म्हणाला, होकायंत्र खोटं बोलतंय. समितीनं त्यावर एक ओळ लिहिली: साक्षीदार अशिक्षित असून त्याला नौकानयनाचं ज्ञान नाही. चार वर्षं आणि दोन महिन्यांत त्या जहाजाचं आयुष्य संपलं होतं.

टाईप करता करता पुजाला एक गोष्ट खटकली होती. सुकाणूचं चाक ज्याच्या हातात होतं तो खलाशी वाचला होता. वाचलेल्यांच्या यादीत त्याचं नाव होतं. पण साक्षीदारांच्या यादीत नव्हतं. रोज कोर्टात बसणाऱ्या बाईला हे दिसणारच. तिनं भावाला विचारलं, "सुकाणूवरच्या माणसाला काहून न्हाई विचारलं रे?"

"विचारलं असतं तर कप्तान अडकला असता," तो म्हणाला. परीक्षेत तो पास झाला.

२०२२ सालच्या जूनमध्ये त्यानं ताईला पुन्हा काम लावलं. आता तो एका जुन्या, मध्यम आकाराच्या मालवाहू जहाजावर सेकंड ऑफिसर होता. जहाजावर झेंडा दुसऱ्याच कुठल्या देशाचा. त्यानं हातानं लिहिलेल्या एका पत्राचा फोटो पाठवला. कॅप्टनच्या नावानं होतं: चुंबकीय होकायंत्राचा तक्ता दोन वर्षांपासून नवा केलेला नाही, पुढच्या बंदरात पोलादाची वेटोळी भरायची आहेत, त्याआधी यंत्र तपासून घ्यावं. "ताई, नीट इंग्रजीत टाईप कर. माझं अक्षर बघून तो फेकून देईल."

त्या आठवड्यात कोर्टात एका जुन्या खटल्याच्या साक्षी सलग चालू होत्या. मुलीला ताप होता. आज करू, उद्या करू म्हणता म्हणता पुजानं ते पत्र आठ दिवसांनी पाठवलं. त्यानं "मिळालं" एवढंच लिहिलं. पुढं काय झालं, ते तिनं विचारलं नाही.

पोळ्याच्या आदल्या आठवड्यात जहाज आफ्रिकेच्या पूर्व किनाऱ्याजवळ बुडालं. रामप्रसाद आणि जहाजाचा स्वयंपाकी, दोघं गेले. स्वयंपाक्याचं प्रेत मिळालं. रामप्रसादचं नाही.

त्या दिवसांबद्दल पुजा फारसं बोलत नाही. तिच्या वडलांनी, किसनसिंगनं, अकरा दिवस चूल पेटू दिली नाही. शेजारची माणसं भाकरी आणून द्यायची. याडी बांधावर जाऊन बसायची आणि कुणी हाक मारली तरी मागं बघायची नाही. तिचं म्हणणं, मढं पाहिल्याशिवाय मी रडणार न्हाई.

चार महिन्यांनी चौकशीचा कच्चा अहवाल आला. ज्या देशाचा झेंडा, त्या देशाच्या माणसांनी केलेली चौकशी. सोबत पत्र होतं, की मृतांच्या नातलगांना काही म्हणायचं असेल तर तीस दिवसांत कळवावं. पुजानं अहवाल कोर्टाच्या जेवणाच्या सुट्टीत वाचला. समोरचा डबा तसाच राहिला. जनरेटर बंद पडून जहाजाचे दिशा दाखवणारे सगळे पडदे विझले. जहाज चुंबकीय होकायंत्रावर चालवावं लागलं. पाऊस दाट होता. पहाऱ्यावरच्या सेकंड ऑफिसरनं चुकीची दिशा धरली आणि जहाज खडकावर आदळलं. कारण: नौकानयन अधिकाऱ्याचा निष्काळजीपणा. होकायंत्राबद्दल कुणी तक्रार केल्याची नोंद नाही. कॅप्टनला तसं आठवत नाही. नोंदीची वही जहाजाबरोबर गेली.

ही बातमी तिच्याआधीच बाहेर फुटली होती. तांड्यावर कुजबूज सुरू झाली, रामानं जहाज बुडवलं. एकदा कोकणातून फोन आला. स्वयंपाक्याचे वडील होते. शिव्या दिल्या असत्या तर बरं वाटलं असतं. म्हातारा शांतपणे म्हणाला, "बाई, तुमचा भाऊ गेला, तो त्याच्या चुकीनं गेला. माझा मुलगा खाली जेवण करत होता." आणि फोन ठेवला.

पुजा उद्धवराव पाठकांकडं गेली. हे कोर्टाचे निवृत्त शिरस्तेदार. इंग्रजी मसुदा करावा तो त्यांनीच, असं अजूनही वकील मानतात. सकाळी ते देवळात पूजा करतात आणि दुपारी ओसरीवर वर्तमानपत्र वाचतात. त्यांनी अहवाल दोनदा वाचला.

"तुमच्याकडे काय आहे?"

"मी टाईप केलेलं पत्र. तारखेसकट ई-मेल हाय."

"पत्र तुम्ही टाईप केलंत, हे त्यानं सिद्ध होईल. कॅप्टनला दिलं, हे होणार नाही." त्यांनी चष्मा काढला. "पुजाबाई, तुम्हाला मी काय सांगायचं? मेलेला माणूस पिंजऱ्यात उभा राहत नाही. म्हणून सगळे त्याच्याकडे बोट दाखवतात. पंचवीस वर्षं पाहिलं मी हे."

घरी येऊन पुजानं अहवाल पुन्हा काढला, आणि त्या रविवारी चौसष्ट पानांची जुनी फाईलही उघडली. दोन्ही समोरासमोर ठेवल्या. नवीन अहवालाच्या शेवटी साक्षीदारांची यादी होती. कॅप्टन, चीफ ऑफिसर, मुख्य इंजिनियर, कंपनीचे दोघं. वाचलेल्यांची यादी वेगळी, अठरा जणांची. त्यात सातव्या नंबरला एक नाव होतं आणि पुढं हुद्दा, सुकाणूवरचा खलाशी. पहिल्या यादीत तो नव्हता.

दीडशे वर्षांनी पुन्हा तीच जागा रिकामी सोडलेली होती.

त्याचं नाव पुष्कर. कुमाऊंकडचा पहाडी माणूस. नंबर मिळवायला आठवडा गेला. तीनदा त्यानं फोन कापला. चौथ्यांदा बायकोनं उचलला आणि पुजानं तिला एवढंच सांगितलं, की मी रामप्रसादची मोठी बहीण. संध्याकाळी त्याचाच फोन आला.

"दीदी, मैं छोटा आदमी हूँ. अभी दूसरी शिप का बुलावा आया है. मैं बोलूँगा तो कौन रखेगा मुझे?"

त्याची समजूत कशी काढावी, हे पुजाला कळेना. मग तिनं तेच केलं, जे तिला येत होतं. वही ओढली आणि कोर्टात विचारतात तसं एकेक विचारू लागली. पहाऱ्यावर किती वाजता आलात? दिशा कुणी दिली? किती अंश? यंत्रावर किती दिसत होतं? सुटा सुटा प्रश्न आला की माणसाला उत्तर देणं सोपं जातं. पुष्कर बोलत गेला. सेकंड साहेबांनी पत्र कॅप्टनच्या हातात दिलं तेव्हा तो चहा घेऊन तिथंच उभा होता. पडदे विझल्यावर सेकंड साहेब म्हणाले, या सुईत सात-आठ अंशांचा घोळ आहे. त्यांनी कॅप्टनला फोन केला, पाऊस ओसरेस्तोवर जहाज थांबवू. कॅप्टननं सांगितलं, चालू ठेव, आधीच उशीर झालाय.

पुजाची पेन्सिल भरभर चालत होती. इतक्यात पुष्कर गप्प झाला.

"आगे?"

"दीदी, एक बात और है." तो चाचरला. "साहब ने सात-आठ डिग्री का हिसाब उलटा लगा दिया था. जोड़ने की जगह घटा दिया. बहुत टेन्शन में थे. दस-बारह मिनट बाद खुद पकड़ लिया, चिल्लाए, पूरा दाएँ घुमाओ. मैंने घुमाया. पर तब तक नीचे से आवाज़ आ गई."

पुजाची पेन्सिल थांबली.

"ये मत लिखो, दीदी. किसी को पता नहीं है. मैं और वो, बस दो ही थे वहाँ."

बाहेर रस्त्यावरून सेनगावची जीप भोंगा वाजवत गेली. पुजा सांगते, त्या क्षणी तिनं वही मिटली होती. खरंच मिटली होती. तेवढं वाक्य गाळलं असतं तर भाऊ धुतल्या तांदळासारखा सुटला असता, आणि जगात कुणाला पत्ता लागला नसता. पण चौदा वर्षांत तिनं साक्षीदाराच्या तोंडचं वाक्य गाळलं नव्हतं. शिवाय तिला एक दिसत होतं. पुष्करनं इथं खोटं सांगितलं, की उद्या कंपनीचा वकील त्याला एका प्रश्नात फोडणार, आणि बाकीचं सगळं खरंही वाहून जाणार. यातलं नेमकं कुठलं कारण मोठं होतं, ते तिला अजून ठरवता आलेलं नाही.

"जैसा हुआ, वैसा लिखती हूँ," ती म्हणाली. "पूरा."

जबाब टाईप करून तिनं पाठवला. नऊ दिवस काहीच आलं नाही. तिसांपैकी पाच दिवस उरले तेव्हा सही केलेल्या कागदांचा फोटो आला, प्रत्येक पानावर अंगठ्याएवढी मोठी, शाळकरी सही. उद्धवरावांनी मसुदा केला. त्यात एकही कडक शब्द नव्हता. "रागाचा शब्द घातला की ते राग वाचतात, मजकूर वाचत नाहीत," ते म्हणाले. जबाबातल्या उलट्या हिशोबाच्या वाक्याशी ते थांबले, पुजाकडं पाहिलं, आणि पुढं गेले.

नंतरचं वर्ष वाईट गेलं. तिकडून पत्र आलं, की कागद मिळाले. मग काही नाही. पुष्करचं नवीन जहाज हुकलं. कारण कुणी सांगितलं नाही. तो गावाकडं गाडी चालवू लागला. पुजानं माफी मागायला फोन केला तर म्हणाला, "छोड़ो दीदी, नींद तो आती है अब." पुजाला मात्र झोप येत नव्हती. ते आठ दिवस तिच्या डोक्यातून जात नव्हते. पत्र तिनं वेळेत पाठवलं असतं, तर माल भरायच्या आधी ते कॅप्टनच्या हातात पडलं असतं का? तिनं पुष्करला तारीख विचारली होती. त्याला आठवत नव्हती. नवऱ्याला तिनं हे एकदा सांगितलं. तो म्हणाला, "वेळेत गेलं असतं तरी त्यानं काही केलं नसतं." असेलही. पण ते कुठल्याच कागदावर नव्हतं.

२०२३ च्या डिसेंबरात पक्का अहवाल आला. ‘निष्काळजीपणा’ हा शब्द निघाला होता. होकायंत्र वेळेवर तपासलं गेलं नव्हतं; सेकंड ऑफिसरनं तशी लेखी सूचना दिली होती; जहाज थांबवण्याची त्याची विनंती नाकारली गेली. आणि शेवटी: या परिस्थितीत सेकंड ऑफिसरकडून दुरुस्तीच्या हिशोबात एक चूक झाली, जी त्यानं स्वतःच ओळखली, परंतु तोवर उशीर झाला होता.

पुजा रजा टाकून तांड्यावर गेली. किसनसिंगनं तांड्याच्या नायकाच्या अंगणात चार माणसं बोलावली होती. "वाच," ते म्हणाले. "सगळ्यांना ऐकू दे." पुजा इंग्रजी वाचून त्यांच्या बोलीत सांगत गेली. शेवटच्या परिच्छेदाशी ती थांबली. इथं इंग्रजी कुणालाच येत नव्हतं. कागद घडी करून ठेवला असता तरी चाललं असतं. तिनं तोही वाचला.

मग नायक म्हणाला, "म्हंजे चूक कोणाची, पोरी?"

"बऱ्याच जणांची," पुजा म्हणाली. "थोडी त्याची बी."

किसनसिंग उठले. तिला वाटलं, चिडले. त्यांनी तिच्या हातातून कागद घेतले, उलटसुलट करून पाहिले आणि धोतराच्या सोग्यानं वरची धूळ पुसली. "त्यानं सांगून ठेवलं व्हतं," ते लोकांकडं बघून म्हणाले. "लिवून दिलं व्हतं त्यानं. हितं हाय ते." आणि कागद घेऊन घरात गेले.

याडी तिथं नव्हती. ती रानात होती, कापूस वेचत. पुजा बांधावरून चालत गेली. याडीनं तिला येताना पाहिलं, पण हात थांबवले नाहीत. पुजानं सांगितलं, सगळं. उलट्या हिशोबाचंही.

"घाबरलं असंल लेकरू," याडी म्हणाली. बोंडातला कापूस काढता काढता तिचे हात पहिल्यांदा थांबले. "एकटंच व्हतं का तिथं?"

"न्हाई. सुकाणूवर एक माणूस व्हता. पहाडातला. चांगला माणूस."

"मंग बरं," याडी म्हणाली आणि तिथंच, झाडाच्या बुडाशी बसून रडायला लागली. सोळा महिन्यांत पहिल्यांदा. पुजा शेजारी बसली नाही. तिनं याडीच्या कमरेची कापसानं फुगलेली ओटी सोडली, स्वतःच्या कमरेला बांधली आणि राहिलेली पात वेचायला घेतली. उन्हं कलली तेव्हा याडी उठली, पदरानं तोंड पुसलं आणि शेजारच्या ओळीला लागली.